मुखाच्या भागांची लॅटिन नावे: पाठांतर न करता उलगडायची कशी

मुखाची लॅटिन नावे शिकणारे बहुतेक जण एकाच ठिकाणी अडखळतात. डाव्या बाजूला लॅटिन शब्द, उजव्या बाजूला अर्थ, अशी लांब यादी करून ती घोकतात. ‘लिंग्वा म्हणजे जीभ’ पक्के झालेले असते, पण पुस्तकात ‘आपेक्स लिंग्वाए’ दिसले की शब्द अनोळखी वाटतो. ‘ओस’ म्हणजे मुख हे पाठ असते, आणि ‘ओस पालातिनुम’ वाचून कोणी ‘टाळूचे मुख’ असा अर्थ लावतो. प्रत्यक्षात ते हाडाचे नाव आहे.

दंतवैद्यक, शरीररचना, परिचर्या किंवा वाचा-उपचार शिकणाऱ्यांसाठी आणि वैद्यकीय भाषांतर करणाऱ्यांसाठी खाली एक क्रम दिला आहे. तो क्रम बदलू नका. पुढचा प्रत्येक टप्पा आधीच्यावर उभा आहे.

## तयारी

वहीत चार रकाने आखा. पहिल्यात लॅटिन शब्द, दुसऱ्यात त्याची षष्ठी, तिसऱ्यात लिंग, चौथ्यात मराठी अर्थ. दोनच रकान्यांची वही केलीत तर तिसऱ्या टप्प्यावर ती पुन्हा लिहावी लागेल.

शब्द रोमन लिपीत लिहा, उच्चार देवनागरीत. वर्णरचना नेमकी कळायला रोमन लिपी हवीच, कारण परीक्षेत आणि अहवालात चूक धरली जाते ती तिथली. देवनागरी फक्त कानासाठी.

उच्चाराची एकच पद्धत धरा. या लेखात ‘सी’ हे अक्षर नेहमी क, ‘जी’ नेहमी ग, आणि ‘ए-ई’ ही जोडी ‘आए’ अशी लिहिली आहे. त, द दंत्य ठेवले आहेत. मराठी जिभेला ते सहज जमतात, मुद्दाम ट-ड करण्याची गरज नाही. वर्गात ‘गिंगिवा’चा उच्चार ‘जिंजायव्हा’ असा ऐकू येईल. तोही चालतो, पण एकाच वहीत दोन पद्धती मिसळल्या की लिहिताना अक्षरे चुकतात.

सुरुवातीला चौदाच शब्द घ्या. शंभर नावांतली बरीचशी याच चौदांपासून बनलेली असतात.

## टप्पा १: प्रत्येक शब्द षष्ठीसह शिका

मराठीत ‘जीभ’ला ‘चा’ लावताना आपण ‘जीभचा’ म्हणत नाही, ‘जिभेचा’ म्हणतो. पाऊस – पावसाचा, दात – दाताचा. प्रत्यय लागण्यापूर्वी शब्दाचे जे सामान्यरूप होते, तसाच बदल लॅटिन शब्दातही षष्ठीत होतो. फरक एवढाच की मराठीचे सामान्यरूप आपल्या तोंडी बसलेले असते आणि लॅटिनचे पाठ करावे लागते.

ही चौदा नावे. क्रम: शब्द, षष्ठी, लिंग, अर्थ.

- ओस, ओरिस, नपुंसक – मुख
- लाबिउम, लाबिई, नपुंसक – ओठ
- बुक्का, बुक्काए, स्त्री – गाल
- देन्स, देन्तिस, पुल्लिंग – दात
- गिंगिवा, गिंगिवाए, स्त्री – हिरडी
- लिंग्वा, लिंग्वाए, स्त्री – जीभ
- पालातुम, पालाती, नपुंसक – टाळू
- उवुला, उवुलाए, स्त्री – पडजीभ
- फाउकेस, फाउकिउम, स्त्री, नेहमी अनेकवचनी – मुखाकडून घशाकडे जाणारी वाट
- तोन्सिल्ला, तोन्सिल्लाए, स्त्री – टॉन्सिल
- ग्लान्दुला, ग्लान्दुलाए, स्त्री – ग्रंथी
- माक्सिल्ला, माक्सिल्लाए, स्त्री – वरचा जबडा
- मान्दिबुला, मान्दिबुलाए, स्त्री – खालचा जबडा
- मेन्तुम, मेन्ती, नपुंसक – हनुवटी

षष्ठीचे महत्त्व ‘देन्स’वरून कळते. मूळ रूपात ‘त’ नाही. षष्ठीत ‘देन्तिस’ झाले की तो येतो. देन्तालिस, देन्तिनुम, देन्तेस हे सगळे पुढचे शब्द त्या ‘देन्त’वरून बनतात. फक्त ‘देन्स’ पाठ केले असेल तर यातला एकही शब्द आपला आपण बांधता येत नाही.

इशारा. मराठी शब्दावरून लॅटिन शब्दाचा अंदाज बांधू नका. ‘पडजीभ’मध्ये जीभ आहे म्हणून लॅटिनमध्ये ‘लिंग्वा’ शोधाल तर ‘लिंगुला’पाशी पोहोचाल, म्हणजे चिमुकली जीभ. पण ‘लिंगुला मान्दिबुलाए’ हा खालच्या जबड्याच्या आतल्या बाजूचा हाडाचा छोटा उंचवटा आहे, आणि डाव्या फुप्फुसाच्या एका भागालाही लिंगुला म्हणतात. पडजिभेत लॅटिनने जीभ नव्हे, द्राक्ष पाहिले: उवा म्हणजे द्राक्ष, उवुला म्हणजे लहानसे द्राक्ष. तसेच ‘टाळू’ हा मराठी शब्द डोक्याच्या माथ्यालाही चालतो; पालातुम फक्त तोंडातले.

पडताळा. वही झाकून चौदाही षष्ठी लिहा. बारापेक्षा कमी बरोबर आल्या तर पुढे जाऊ नका.

## टप्पा २: ‘ओस’चा घोळ आत्ताच मिटवा

लॅटिनमध्ये ‘ओस’ हे दोन वेगळे शब्द आहेत. दोन्ही नपुंसकलिंगी आणि लिहायला सारखे. मुखाच्या ‘ओस’मधला ओ दीर्घ, हाडाच्या ‘ओस’मधला ऱ्हस्व, पण छापील शरीररचनेत ही खूण देत नाहीत. ओळखायचे ते षष्ठीवरून आणि अनेकवचनावरून:

- मुख: ओस, ओरिस, अनेकवचन ओरा
- हाड: ओस, ओस्सिस, अनेकवचन ओस्सा

व्यवहारात एक साधा नियम पुरतो. शरीररचनेच्या नावात ‘ओस’ हा शब्द सुरुवातीला, तसाच उभा असेल तर तो जवळजवळ नेहमी हाड असतो: ओस पालातिनुम, ओस हिओइदेउम. मुख सांगायचे असेल तेव्हा शब्द ‘ओरिस’ या रूपात, दुसऱ्या नावाच्या मागे येतो: रिमा ओरिस म्हणजे मुखाची फट, आन्गुलुस ओरिस म्हणजे मुखाचा कोपरा, वेस्तिबुलुम ओरिस म्हणजे मुखाची ओसरी, अर्थात ओठ-गाल आणि दातांची रांग यांमधली जागा.

औषधाच्या चिठ्ठीतला ‘पेर ओस’ हा अपवाद लक्षात ठेवा. अर्थ ‘मुखावाटे’. ‘पेर’नंतर द्वितीया लागते, आणि नपुंसकलिंगी शब्दाची प्रथमा व द्वितीया एकच असते, म्हणून तिथे ‘ओस’ उभा राहतो. ‘पेर ओरिस’ असे लिहिलेले दिसले तर ते चूक आहे. चिठ्ठीवरचे ‘पी. ओ.’ हे याच दोन शब्दांचे लघुरूप.

आपण ‘तोंड धू’ म्हणतो तेव्हा चेहराही त्यात येतो. लॅटिन वाङ्मयातही ‘ओस’ चेहऱ्यासाठी येतो. शरीररचनेत मात्र चेहरा म्हणजे ‘फाकिएस’. तिथे ‘ओरिस’चा अर्थ चेहरा लावू नका.

## टप्पा ३: लिंग पाहून विशेषण जुळवा

सर्वांत जास्त चुका इथे होतात. खरे तर मराठी माणसाला हे अवघड जायला नको, कारण चांगला-चांगली-चांगले असे तीन लिंगांनुसार विशेषण बदलण्याची आपल्याला सवय आहे. आणि ‘सुंदर’सारखी काही विशेषणे बदलत नाहीत, हेही आपल्याला माहीत आहे. लॅटिनमध्ये विशेषणांचे तीन गट धरा:

1. तीन रूपांची. दूरुस, दूरा, दूरुम (कठीण). पुल्लिंग, स्त्रीलिंग, नपुंसकलिंग या क्रमाने.
2. दोन रूपांची. मोल्लिस पुल्लिंग आणि स्त्रीलिंग दोन्हीला, मोल्ले नपुंसकलिंगाला (मऊ). ‘-आलिस’ आणि ‘-आरिस’ने संपणारी सगळी याच गटात: देन्तालिस – देन्ताले, मोलारिस – मोलारे.
3. तुलनेची. सुपेरिओर पुल्लिंग आणि स्त्रीलिंगाला, सुपेरिउस नपुंसकलिंगाला (वरचा). इन्फेरिओर – इन्फेरिउस (खालचा).

आता वापरून पाहा. ओठ नपुंसकलिंगी, म्हणून वरचा ओठ लाबिउम सुपेरिउस. ‘लाबिउम सुपेरिओर’ हे लेखनात वारंवार दिसते आणि दर वेळी चूक असते. टाळू नपुंसकलिंगी, म्हणून पुढचा कठीण भाग पालातुम दूरुम, मागचा मऊ भाग पालातुम मोल्ले. ‘पालातुम मोल्लिस’ चूक.

पण इथेच एक खाचखळगा आहे. ‘मुस्कुली पालाती मोल्लिस’ म्हणजे मऊ टाळूचे स्नायू, आणि हे बरोबर आहे! ‘पालाती’ षष्ठीत गेले की विशेषणही षष्ठीत जाते, आणि षष्ठीत तिन्ही लिंगांचे रूप एकच: मोल्लिस. त्याचप्रमाणे ‘लाबिई सुपेरिओरिस’. म्हणून ‘मोल्लिस’ दिसले की लगेच लाल रेघ मारू नका. आधी नाम कोणत्या विभक्तीत आहे ते पाहा.

जुनी आणि नवी पुस्तके एकत्र वापरणाऱ्यांसाठी आणखी एक गोष्ट. मुखाच्या पोकळीला जुन्या पुस्तकांत ‘कावुम ओरिस’ म्हणतात, तर १९९८ साली प्रसिद्ध झालेल्या ‘तेर्मिनोलोगिआ आनातोमिका’ या आंतरराष्ट्रीय नामसूचीत ‘कावितास ओरिस’. कावुम नपुंसक, कावितास स्त्रीलिंगी. त्यामुळे दातांच्या आतल्या बाजूच्या खऱ्या मुखपोकळीचे नाव जुन्यात ‘कावुम ओरिस प्रोप्रिउम’ आणि नव्यात ‘कावितास ओरिस प्रोप्रिआ’. दोन्हींतले अर्धे-अर्धे घेऊन ‘कावितास ओरिस प्रोप्रिउम’ लिहिले की घोटाळा झाला. विशेषण जवळच्या ‘ओरिस’शी नव्हे, पहिल्या नामाशी जुळते आहे हेही इथेच बघून ठेवा.

पडताळा. खालचा ओठ, खालचा जबडा, दाताची खाच असे काही लिहिताना आधी तिसरा रकाना पाहा, मगच विशेषणाचा शेवट लिहा. उलट क्रमाने केलेत तर कानाला बरे वाटेल ते रूप उतरते, आणि कान बहुधा फसवतो.

## टप्पा ४: लांब नाव मागून सोडवा

मराठीत षष्ठी आधी येते: जिभेचा शेंडा. लॅटिन नावात ती नंतर येते: आपेक्स लिंग्वाए, शब्दशः ‘शेंडा जिभेचा’. म्हणून अर्थ लावताना शेवटून सुरुवात करा.

1. षष्ठीतले शब्द शोधून त्यांखाली रेघ ओढा.
2. प्रत्येक विशेषण कोणत्या नामाचे ते बाणाने दाखवा. विभक्ती, लिंग, वचन तिन्ही जुळले पाहिजे.
3. शेवटच्या षष्ठीपासून मागे येत ‘चा-ची-चे’ लावा.
4. सर्वांत शेवटी पहिले नाम. ती वस्तू हीच. बाकी सगळे तिचे वर्णन.

‘मुस्कुलुस देप्रेस्सोर आन्गुली ओरिस’ घ्या. षष्ठी दोन: आन्गुली, ओरिस. मागून: मुखाच्या – कोपऱ्याला – खाली ओढणारा – स्नायू. बस.

आता अवघड नाव: ‘मुस्कुलुस लेवातोर लाबिई सुपेरिओरिस आलाएक्वे नासी’. ‘-क्वे’ म्हणजे ‘आणि’, आणि तो ज्या शब्दाला चिकटतो त्याच्या आधी वाचायचा असतो. तो काढला की उरते ‘आलाए’, पंखाची, ‘नासी’, नाकाची. अर्थ: वरच्या ओठाला आणि नाकपुडीच्या पंखाला वर उचलणारा स्नायू. इथे ‘सुपेरिओरिस’ षष्ठीत आहे, म्हणून ‘वरचा’ हे ओठाचे विशेषण. याउलट ‘आर्तेरिआ लाबिआलिस सुपेरिओर’मध्ये ‘सुपेरिओर’ प्रथमेत आहे, म्हणजे ते धमनीचे विशेषण: वरची ओष्ठ-धमनी. एका ‘-इस’ने अर्थ कोणाला चिकटतो ते ठरते.

इशारा. षष्ठी आणि विशेषण हे दोन वेगळे मार्ग आहेत. ‘जिभेची नस’ असे सांगायला एक तर ‘लिंग्वाए’ येईल, नाही तर ‘लिंग्वालिस’. ज्या रचनेचे नाव जसे ठरले आहे तसेच लिहा: फ्रेनुलुम लिंग्वाए, पण नेर्वुस लिंग्वालिस. अर्थ जवळचा असला तरी अदलाबदल चालत नाही.

## टप्पा ५: ‘-आलिस’ की ‘-आरिस’

नामापासून विशेषण करताना हा प्रश्न नेहमी येतो. नियम छोटा आहे: षष्ठीचा प्रत्यय काढल्यावर उरलेला भाग ‘ल’ने संपत असेल तर ‘-आरिस’, नाहीतर ‘-आलिस’. एकामागोमाग दोन ‘ल’ टाळण्याची ही लॅटिनची सवय.

लाबिआलिस, बुक्कालिस, देन्तालिस, गिंगिवालिस, लिंग्वालिस, मेन्तालिस. पण माक्सिल्लारिस, मान्दिबुलारिस, तोन्सिल्लारिस, उवुलारिस, आल्वेओलारिस, आणि मोला म्हणजे जाते यावरून मोलारिस. टाळू या चौकटीत बसत नाही: त्याचे विशेषण ‘पालातिनुस, -आ, -उम’, पहिल्या गटातले. म्हणून ओस पालातिनुम, तोन्सिल्ला पालातिना.

औषधांच्या वेष्टनावर यातले दोन शब्द महत्त्वाचे ठरतात. ‘सबलिंग्वल’ गोळी जिभेखाली ठेवायची, ‘बकल’ गोळी गाल आणि हिरडी यांच्या मध्ये. दोन्ही ‘तोंडात विरघळणाऱ्या’ म्हणून एकच समजल्या जातात, आणि मग गोळी नको त्या जागी ठेवली जाते किंवा गिळली जाते. भाषांतर करताना जागा स्पष्ट लिहा.

## टप्पा ६: दात

दातांच्या नावांत नाम नेहमी पुल्लिंगी ‘देन्स’ असते, म्हणून विशेषण पुल्लिंगीच येणार. इथे अर्थ समजला की नाव विसरत नाही.

- देन्स इन्किसिवुस – कापणारा, म्हणजे पटाशीचा दात. अनेकवचन देन्तेस इन्किसिवी, एकूण ८.
- देन्स कानिनुस – ‘कानिस’ म्हणजे कुत्रा, त्यावरून सुळा. देन्तेस कानिनी, ४.
- देन्स प्रेमोलारिस – मोलारच्या आधीचा, उपदाढ. देन्तेस प्रेमोलारेस, ८.
- देन्स मोलारिस – जात्यासारखा दळणारा, दाढ. देन्तेस मोलारेस, १२.

बेरीज ३२ आली पाहिजे. हे झाले देन्तेस पेर्मानेन्तेस, कायमचे दात. दुधाच्या दातांना ‘देन्तेस देकिदुई’ म्हणतात, म्हणजे गळून पडणारे. लॅटिन नावात दूध नाही. ते २०: ८ इन्किसिवी, ४ कानिनी, ८ मोलारेस. दुधाच्या दातांत प्रेमोलार नसतात. पुढे प्रेमोलार येतात ते दुधाच्या मोलारच्या जागी. मराठीत आपण सर्रास ‘दाढ’ म्हणून मोकळे होतो, त्यामुळे मुलांच्या दातांचे वर्णन लिहिताना ही चूक हटकून होते.

अक्कलदाढेचे अधिकृत नाव ‘देन्स मोलारिस तेर्तिउस’, तिसरी दाढ, किंवा ‘देन्स सेरोतिनुस’, उशिरा येणारी. ‘देन्स सापिएन्तिआए’ हेही चालते, आणि तिथे ‘सापिएन्तिआए’ षष्ठी आहे: शहाणपणाचा दात.

एका दाताचे भाग सोपे आहेत, कारण प्रतिमा मराठीशी जुळतात: कोरोना देन्तिस म्हणजे मुकुट, केर्विक्स देन्तिस म्हणजे मान, रादिक्स देन्तिस म्हणजे मूळ. ‘केर्विक्स’ दिसताच गर्भाशय आठवणाऱ्यांनी पुढची षष्ठी वाचावी. शब्दाचा अर्थ फक्त ‘मान’. दात ज्या खळगीत बसतो ती आल्वेओलुस देन्तालिस. आल्वेओलुस म्हणजे छोटी खळगी, म्हणून फुप्फुसातही तोच शब्द भेटतो.

दाताच्या बाजूंसाठी ‘फाकिएस’ हे स्त्रीलिंगी नाम: फाकिएस ओक्लुसालिस चावण्याची, फाकिएस वेस्तिबुलारिस बाहेरची, फाकिएस लिंग्वालिस आतली, फाकिएस मेसिआलिस मध्यरेषेकडची, फाकिएस दिस्तालिस तिच्यापासून दूरची. मेसिआलिस ठरवताना दंतपंक्तीच्या कमानीवरून मध्यरेषेकडे चालत या. सरळ रेषेत नाकाकडे पाहिलेत तर दाढांच्या बाबतीत उत्तर चुकेल.

इशारा. ‘देन्स’ नेहमी तोंडातच असतो असे नाही. ‘देन्स आक्सिस’ हा मानेच्या दुसऱ्या मणक्याचा वर आलेला दाता आहे. मानेच्या चित्राच्या अहवालात ‘देन्स’चे वर्णन असेल तर दंतवैद्य शोधू नका.

आणि ‘कारिएस’, म्हणजे किडणे, हे रूप दिसायला अनेकवचनी असले तरी एकवचन आहे. ‘कारी’ असा काही शब्द नाही.

## टप्पा ७: जीभ, आणि दिशा दाखवणारे शब्द

जिभेच्या नावांत शब्द सोपे, जागा फसव्या.

‘आपेक्स लिंग्वाए’ पुढचे टोक. ‘आपेक्स’ म्हणजे टोक. ‘वरचा’ असा अर्थ त्यात नाही. म्हणूनच ‘आपेक्स रादिकिस देन्तिस’ हे दाताच्या मुळाचे टोक, आणि खालच्या दातांत ते सर्वांत खाली असते. ‘कोर्पुस लिंग्वाए’ मधला भाग. ‘रादिक्स लिंग्वाए’ मागचे मूळ, घशाकडचे. ‘दोर्सुम लिंग्वाए’ म्हणजे जिभेची पाठ, अर्थात टाळूकडे असलेला वरचा पृष्ठभाग. ‘पाठ’ म्हणजे ‘मागे’ असे समजून दोर्सुम घशापाशी दाखवणे ही नेहमीची चूक. मागचा भाग रादिक्स.

जिभेखाली जो पातळ पडदा दिसतो तो ‘फ्रेनुलुम लिंग्वाए’. फ्रेनुम म्हणजे लगाम, फ्रेनुलुम म्हणजे छोटा लगाम. ओठांनाही आतून असेच लगाम असतात, ‘फ्रेनुलुम लाबिई सुपेरिओरिस’ आणि ‘इन्फेरिओरिस’, म्हणून नुसते ‘फ्रेनुलुम’ लिहून भागत नाही.

अशा लघुत्वदर्शक शब्दांत मूळ शब्दाचे लिंग टिकते. उवा स्त्रीलिंगी, उवुला स्त्रीलिंगी. फ्रेनुम नपुंसक, फ्रेनुलुम नपुंसक. मूस म्हणजे उंदीर पुल्लिंगी, त्याचा मुस्कुलुस पुल्लिंगी. ग्लान्स म्हणजे ओक झाडाचे फळ, स्त्रीलिंगी, म्हणून ग्लान्दुला स्त्रीलिंगी. लिंग आठवत नसेल तेव्हा मूळ शब्द हात देतो.

जिभेवरचे उंचवटे, पापिल्लाए, आकारावरून ओळखा. फिलिफोर्मेस धाग्यासारखे (फिलुम), फुन्गिफोर्मेस अळंबीसारखे (फुन्गुस), फोलिआताए पानांसारखे (फोलिउम). वाल्लाताए म्हणजे तटबंदीने वेढलेले (वाल्लुम). हे शेवटचे मोठे असतात आणि ‘सुल्कुस तेर्मिनालिस’ या खाचेच्या पुढे ओळीने बसलेले असतात. जुन्या पुस्तकांत यांना ‘किर्कुम्वाल्लाताए’ म्हटले आहे. दोन वेगळे प्रकार समजू नका.

## टप्पा ८: ग्रीक जोडी लावा

भागाचे नाव लॅटिन, पण त्याच भागाच्या आजाराचे नाव बहुधा ग्रीक. वहीत आता पाचवा रकाना वाढवा:

ओस – स्तोमा. लिंग्वा – ग्लोस्सा. देन्स – ओदोन्त. लाबिउम – खेइलोस. मेन्तुम – गेनेइओन.

म्हणून जिभेचा दाह ग्लॉसायटिस, ओठांचा कायलायटिस, मुखाच्या आतल्या अस्तराचा स्टोमाटायटिस. शेवटचे नाव पोटाच्या आजाराचे वाटते, पण जठराचा दाह म्हणजे गॅस्ट्रायटिस. शल्यचिकित्सेत पोटावर केलेल्या छिद्रालाही ‘स्टोमा’ म्हणतात, तेव्हा संदर्भ बघावाच लागतो. हिरडी मात्र या नियमातून निसटली आहे: जिंजिव्हायटिसमध्ये शब्द लॅटिन, प्रत्यय ग्रीक.

‘जिभेखालचा’ हा एकच अर्थ दोन वेशांत येतो. ‘ग्लान्दुला सुब्लिंग्वालिस’ जिभेखालची लाळग्रंथी, लॅटिन. ‘नेर्वुस हिपोग्लोस्सुस’ बारावी कपालनस, ग्रीक. आणि याच्या शेजारी ‘मुस्कुलुस हिओग्लोस्सुस’ उभा असतो, ज्यात ‘हिपो’ म्हणजे ‘खाली’ नाही. ‘हिओ’ म्हणजे कंठास्थी. रोमन लेखनात एका अक्षराचा फरक, म्हणून हे दोन शब्द एकाखाली एक लिहून ठेवा.

स्नायूंच्या जोडनावांत आधी जिथून स्नायू निघतो ते, नंतर जिथे जातो ते. गेनिओग्लोस्सुस: हनुवटीच्या आतून जिभेकडे. पालातोग्लोस्सुस: टाळूतून जिभेकडे. क्रम उलटा वाचला तर नाव तेच राहते, रचना चुकते.

## टप्पा ९: फसवे शब्द वेगळे काढा

मेन्तालिस. मेन्तुम, मेन्ती म्हणजे हनुवटी. मेन्स, मेन्तिस म्हणजे मन. दोघांचे विशेषण एकच. शरीररचनेत ‘नेर्वुस मेन्तालिस’ हनुवटीची नस आणि ‘फोरामेन मेन्ताले’ खालच्या जबड्यातले, उपदाढांच्या मुळांजवळचे छिद्र. ‘मानसिक नस’ असे भाषांतर झालेले दिसते. ते साफ चूक.

बुक्किनातोर. गालाचा स्नायू, पण शब्द ‘बुक्का’वरून नाही. ‘बुकिना’ म्हणजे तुतारी. अर्थ तुतारी वाजवणारा.

लाब्रुम. लॅटिन भाषेत हाही ओठच, पण शरीररचनेत सांध्याच्या खोबणीची कड: खांद्यात लाब्रुम ग्लेनोइदाले. मुखाच्या ओठासाठी लाबिउमच वापरा.

## टप्पा १०: अनेकवचने

‘-आ’चे ‘-आए’, ‘-उस’चे ‘-ई’, ‘-उम’चे ‘-आ’ होते, एवढे बहुतेकांना येते. चुका पुढच्या शब्दांत होतात: आपेक्स – आपिकेस, रादिक्स – रादिकेस, कुस्पिस (दाढेवरचे टोक) – कुस्पिदेस, फोरामेन – फोरामिना. आर्कुस (कमान) आणि दुक्तुस (नलिका) हे ‘-उस’चे असूनही ‘-ई’ घेत नाहीत. अनेकवचनात लेखन तेच राहते, फक्त शेवटचा उ दीर्घ होतो. ‘दुक्ती’ लिहू नका.

शेवटचा पडताळा. पुढील सहा नावे वही न पाहता सोडवा: कोर्पुस आदिपोसुम बुक्काए, कोम्मिस्सूरा लाबिओरुम, इस्थमुस फाउकिउम, दुक्तुस पारोतिदेउस, फोरामेन काएकुम लिंग्वाए, त्रिगोनुम रेत्रोमोलारे.

उत्तरे क्रमाने: गालातला चरबीचा गोळा, ओठांचा सांधा, मुखातून घशात जाणारा अरुंद भाग, कानाजवळच्या लाळग्रंथीची नलिका, जी वरच्या दुसऱ्या दाढेसमोर गालाच्या आत उघडते, जिभेवरची आंधळी, म्हणजे पुढे बंद असलेली खळगी, शेवटच्या दाढेमागचा त्रिकोण. ‘त्रिगोनुम’ नपुंसक, म्हणून ‘रेत्रोमोलारे’. ते ‘रेत्रोमोलारिस’ लिहिले गेले असेल तर तिसरा टप्पा पुन्हा करा. दुसऱ्या किंवा तिसऱ्या नावात अनेकवचनाची षष्ठी ओळखता आली नसेल तर चौथा.